युद्ध पुकारण्याचा अधिकार कोणाचा?

(विहाराच्या वर्धापनदिनी दिलेले भाषण)



वर्धापनदिनाला धम्मावर बोला, असे समितीने आम्हाला सांगितले होते. आम्ही धम्मावरच बोलणार आहोत, पण सुरुवात जरा वेगळ्या ठिकाणाहून करतो. मे २०२५ मधली गोष्ट. घरोघरी टीव्हीवर लढाईच्या बातम्या चालू होत्या. त्या दिवसांत वस्तीतल्या एका मावशींनी आम्हाला विचारले, "गुरुजी, माझं पोरगं तिकडं हद्दीवर आहे. लढाई लावायची का नाही, हे ठरवतं तरी कोण? मोदीसाहेब, का राष्ट्रपती, का मिलिटरीचे साहेब? आणि आपल्याला कुणी विचारतं का?"

आम्ही त्यांना दोन वाक्यांत काहीतरी सांगितले, पण आमचेच समाधान झाले नाही. ज्या आईचे पोर बंदूक घेऊन उभे आहे, तिला नीट उत्तर मिळालेच पाहिजे. म्हणून आज हा विषय घेतला.

आपण वर्षावासात 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाचे वाचन करतो. १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या त्या ग्रंथात बाबासाहेबांनी सिद्धार्थाच्या गृहत्यागाचे कारण सांगितले आहे. म्हातारा, आजारी आणि प्रेत पाहून तो रातोरात निघून गेला, ही परंपरेची गोष्ट त्यांना पटली नाही. त्यांनी कारण सांगितले ते युद्धाचे. शाक्य आणि कोलीय यांच्या शिवेवर रोहिणी नदी. पाणी आधी कोणी घ्यायचे यावरून दोन्हीकडच्या माणसांत मारामारी झाली. आता पाण्यावरून भांडण म्हणजे काय, हे लासुर्ण्याच्या माणसाला वेगळे सांगायला नको! नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर आपली पिके उभी आहेत. पाळी चुकली की शेजारी-शेजारी कसे बोलतात, हे आपण पाहतोच.

तर शाक्यांच्या सेनापतीने संघाची सभा बोलावली आणि कोलीयांविरुद्ध युद्ध पुकारण्याचा ठराव मांडला. लक्षात घ्या, हुकूम काढला नाही, ठराव मांडला. युद्ध पुकारण्याचा अधिकार एकट्या सेनापतीचा नव्हता, संघाचा होता. सिद्धार्थ तेव्हा आठ वर्षे संघाचा सभासद होता. तो उठला आणि म्हणाला की, चूक आपल्याही माणसांची आहे, आधी चौकशी करा. आपले दोन, त्यांचे दोन आणि या चौघांनी निवडलेला पाचवा, अशा पाच जणांनी निवाडा करावा, अशी उपसूचना त्याने मांडली. मतदान झाले आणि उपसूचना मोठ्या बहुमताने पडली. पुढे सैन्यात भरती होण्याचा प्रश्न आला, तेव्हा सिद्धार्थाने नकार दिला. देहदंडाची आणि हद्दपारीची भाषा झाली, घरच्यांवर बहिष्कार घालण्याची आणि जमीन जप्त करण्याची धमकी आली. आपल्यामुळे घरच्यांना शिक्षा नको, म्हणून तो स्वतः परिव्राजक होऊन निघून गेला. पुढे काय झाले? कपिलवस्तूत लोकांनीच युद्धाविरुद्ध आवाज उठवला आणि निवाड्याने तंटा मिटला.

या गोष्टीतून आम्हाला दोन प्रश्न दिसतात. युद्धाचा निर्णय कोण घेतो, हा एक. आणि 'थांबा, आधी चौकशी करा' असे म्हणायला जागा आहे का, हा दुसरा. या दोन प्रश्नांवर आपल्या देशाचा हिशोब मांडू.

३ सप्टेंबर १९३९ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांनी हिंदुस्थान जर्मनीविरुद्धच्या युद्धात सामील असल्याचे जाहीर केले. कायदेमंडळाला विचारले नाही, पुढाऱ्यांना विचारले नाही, लोकांना विचारण्याचा तर प्रश्नच नव्हता. इंग्लंडचा राजा युद्धात उतरला म्हणजे हिंदुस्थान उतरला, असा तो कायदा. काँग्रेसच्या प्रांतिक मंत्रिमंडळांनी निषेध म्हणून राजीनामे दिले, त्यात आपल्या मुंबई इलाख्याचे बाळासाहेब खेर यांचे मंत्रिमंडळही होते. बाबासाहेब त्या वेळी मुंबई विधानसभेचे सभासद होते.

त्याच युद्धात आपली माणसे पुन्हा पलटणीत गेली. इंग्रजांनी आधी महारांची भरती बंद केली होती. पहिल्या महायुद्धात, १९१७ साली, गरज पडली तेव्हा पलटण उभी केली आणि गरज संपल्यावर मोडली. सुभेदार रामजींच्या मुलाने हा अन्याय सोडला नाही. बाबासाहेबांनी पाठपुरावा केला आणि १ ऑक्टोबर १९४१ रोजी बेळगावला महार रेजिमेंटची पहिली बटालियन उभी राहिली. म्हणजे लढायचा हक्क आपण झगडून मिळवला. पण कशासाठी आणि कधी लढायचे, हे मात्र तेव्हा दुसराच ठरवत होता. जो लढतो त्याला निर्णयात वाटा नाही, ही गुलामीच म्हणायची.

मग स्वतंत्र भारताची घटना आली. तिच्यात काय लिहिले आहे, ते सोप्या भाषेत सांगतो. कलम ५३ प्रमाणे तिन्ही सेनादलांचे सर्वोच्च प्रमुखपद राष्ट्रपतींकडे आहे, पण त्याचा वापर कायद्याच्या चौकटीतच व्हायचा. कलम ७४ प्रमाणे राष्ट्रपती मंत्रिमंडळाच्या सल्ल्यानेच वागतात. युद्ध आणि शांतता हा विषय सातव्या परिशिष्टात केंद्राच्या सूचीत पंधरावा आहे. म्हणजे तो राज्याच्या हातात नाही. सेनाप्रमुख सल्ला देतात आणि निर्णय झाला की अंमलबजावणी करतात. निर्णय घेते मंत्रिमंडळ. आज त्यासाठी पंतप्रधानांच्या अध्यक्षतेखाली सुरक्षाविषयक समिती आहे. संरक्षण, गृह, अर्थ आणि परराष्ट्र या खात्यांचे मंत्री तिच्यात बसतात.

"मग संसद कुठे गेली?" असे कोणी विचारील. युद्ध पुकारण्याआधी संसदेने मतदान केलेच पाहिजे, असे आपल्या घटनेत कुठेही लिहिलेले नाही. अमेरिकेच्या घटनेत हा अधिकार तिथल्या काँग्रेसला दिलेला आहे. पण तिथेही १९४२ नंतर रीतसर युद्धघोषणा झाली नाही, आणि कोरिया, व्हिएतनामला फौजा मात्र गेल्या. तेव्हा नुसते कलम असून भागत नाही, हेही ध्यानात ठेवा.

आपल्या संसदेच्या हातात दोन दोऱ्या आहेत. पहिली पैशाची. संसदेच्या मंजुरीशिवाय सरकारी तिजोरीतून रुपया निघत नाही, आणि युद्ध पैशाशिवाय चालत नाही. दुसरी विश्वासाची. कलम ७५ प्रमाणे मंत्रिमंडळ लोकसभेला जबाबदार आहे, लोकसभेचा विश्वास गेला की सरकार गेले. म्हणजे निर्णय आधी मंत्रिमंडळाचा, जाब नंतर लोकसभेचा.

आता आणखी एक गंमत पाहा. स्वातंत्र्यानंतर भारताने एवढ्या लढाया केल्या, पण 'आम्ही युद्ध पुकारले' अशी रीतसर घोषणा केली नाही. सप्टेंबर १९४८ मध्ये सोलापूरकडून फौजा नळदुर्गमार्गे निजामाच्या राज्यात शिरल्या. रणगाडे होते, तोफा होत्या, माणसे मेली. नाव काय दिले? 'पोलीस ॲक्शन'! आपल्याकडची म्हातारी माणसे अजून तेच नाव सांगतात. डिसेंबर १९६१ मध्ये गोवा दोन दिवसांत मोकळा झाला, तेही युद्ध न पुकारता. आणि २९ जुलै १९८७ रोजी श्रीलंकेशी करार झाला, तेव्हा आपल्या फौजेला 'शांतिसेना' म्हटले गेले.

त्या शांतिसेनेत आपल्या रेजिमेंटची आठवी बटालियन होती. २५ नोव्हेंबर १९८७ च्या रात्री मेजर रामस्वामी परमेश्वरन यांच्या तुकडीवर दबा धरून हल्ला झाला. छातीत गोळी लागली असताना त्यांनी समोरच्याची रायफल हिसकावून घेतली, शेवटपर्यंत हुकूम दिले आणि प्राण सोडला. त्यांना मरणोत्तर परमवीरचक्र मिळाले. मुंबईत जन्मलेला हा वीर. मार्च १९९० पर्यंत अकराशेहून अधिक जवान तिथे गेले. नाव शांतीचे असो, पोलिसांचे असो, घरी येणारी तार सारखीच असायची. म्हणून नावाला भुलू नका. फौज कशासाठी चालली, किती दिवसांसाठी चालली, हे विचारले पाहिजे.

लढाई फक्त हद्दीवर होते असेही नाही. कलम ३५२ प्रमाणे युद्ध, परकी आक्रमण किंवा सशस्त्र उठाव या कारणाने आणीबाणी जाहीर करता येते. चीनच्या वेळी ती २६ ऑक्टोबर १९६२ रोजी लागली. लढाई महिन्याभरात थांबली, आणीबाणी मात्र जानेवारी १९६८ पर्यंत राहिली! आणीबाणीत भाषणाचे, सभेचे हक्क बाजूला पडतात. १९७५ चा अनुभव आल्यावर १९७८ साली ४४ वी घटनादुरुस्ती झाली. आता मंत्रिमंडळाचा निर्णय लेखी लागतो, एका महिन्यात दोन्ही सभागृहांची विशेष बहुमताने मंजुरी लागते, आणि दर सहा महिन्यांनी ती पुन्हा घ्यावी लागते. जगण्याचा हक्क तर आणीबाणीतही काढता येत नाही. ठेच लागली म्हणून शहाणपण आले.

आता तीन प्रसंग शेजारी-शेजारी ठेवतो. १९६२ साली लढाई चालू असताना, ८ नोव्हेंबरला संसद भरली. सरकारवर भर सभागृहात टीका झाली. त्याच सुमारास संरक्षणमंत्री कृष्ण मेनन यांना जावे लागले आणि आपले यशवंतराव चव्हाण दिल्लीला गेले. पुढच्या ऑगस्टमध्ये नेहरूंच्या सरकारवर पहिला अविश्वास ठराव आला. ठराव पडला, पण जाब विचारला गेला. १९९९ साली कारगिलची लढाई झाली तेव्हा लोकसभा बरखास्त झालेली होती आणि सरकार काळजीवाहू होते. राज्यसभा तरी बोलवा, अशी विरोधी पक्षांची मागणी होती, ती मान्य झाली नाही. २०२५ साली पहलगामला पर्यटकांची हत्या झाली, ७ मे रोजी कारवाई सुरू झाली आणि १० मे रोजी थांबली. सर्वपक्षीय बैठका झाल्या, पण खास अधिवेशनाची मागणी मान्य झाली नाही. संसदेत चर्चा २८ जुलैला सुरू झाली.

आम्ही इथे कोणत्या पक्षाचा झेंडा घेऊन उभे नाही. देशावर हल्ला झाला तर लढावेच लागते. तोफा धडधडत असताना मतदान घेत बसा, असे आम्ही म्हणत नाही, आणि सगळे डाव चौकात उघडे करा असेही म्हणत नाही. पण घटना तीच असताना एकदा लढाई चालू असतानाच संसद भरते, आणि एकदा अडीच महिने थांबते. फरक कलमात नाही, विचारणाऱ्याच्या जोरात आहे.

म्हणून त्या मावशींना आज नीट उत्तर देतो. मावशी, लढाईचा निर्णय मंत्रिमंडळ घेते. त्या मंत्रिमंडळाला लोकसभा जाब विचारते. आणि लोकसभेत कोण बसणार, हे तुमचे बोट ठरवते. तुमच्या पोराला कुठे धाडले आणि का धाडले, हे खासदाराला विचारायचा तुम्हाला पूर्ण अधिकार आहे. तो मत मागायला दारात येतो ना, तेव्हा रस्ता आणि गटार विचारता, तसे हेही विचारा. विचारले म्हणजे देशद्रोह होत नाही. सिद्धार्थानेही भर संघात विचारले होते.

त्याची उपसूचना त्या दिवशी पडली. पण ती मांडायला संघात जागा होती, आणि पुढे लोक उठले म्हणून तंटाही मिटला. ती जागा आपल्या घटनेने आपल्याला दिली आहे. ती झाडून-पुसून वापरात ठेवणे आपले काम आहे. या विहारात आपण पंचशील घेतो, त्यातले पहिले शील जीवहत्येपासून दूर राहण्याचे. ज्याने ते घेतले, त्याने युद्धाच्या प्रश्नावर गप्प बसू नये, एवढेच सांगतो आणि आमचे दोन शब्द संपवतो.

नमो बुद्धाय! जयभीम!