क्रॅक विंडोजच्या आत काय असतं?

बेंगळुरूच्या उत्तरेला येलहंका आहे. एकीकडे हवाई दलाचा तळ, आसपास अभियांत्रिकी महाविद्यालयं. घरून येणाऱ्या पैशांत महिना काढणाऱ्या विद्यार्थ्याने एस. पी. रोडच्या बाजारातून सुटे भाग आणून कॉम्प्युटर जोडला, की विंडोजच्या लायसन्ससाठी आणखी हजारो रुपये काढणं जड जातं. मग कुणीतरी म्हणतं, "फॉरमॅट मारून क्रॅक टाकून देतो." क्रॅक म्हणजे लायसन्सची तपासणी चुकवणारा प्रोग्रॅम. तासाभरात मशीन सुरू!

हा मोह देशभरचा आहे. 'बीएसए' या सॉफ्टवेअर कंपन्यांच्या संघटनेच्या पाहणीनुसार २०१७ मध्ये भारतात वापरल्या जाणाऱ्या सॉफ्टवेअरपैकी ५६ टक्के विनापरवाना होतं.

क्रॅकसोबतच्या सूचनांत बहुधा लिहिलेलं असतं : आधी अँटिव्हायरस बंद करा. त्यानंतर तो अनोळखी प्रोग्रॅम अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या अधिकाराने चालतो, म्हणजे मशीनमध्ये हवं ते बदलू शकतो. २०२१ मध्ये 'केएमएसपिको' या विंडोजच्या क्रॅकच्या नावाखाली 'क्रिप्टबॉट' हा घातक प्रोग्रॅम पसरवला जात असल्याचं उघड झालं. ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड चोरणं हे त्याचं काम.

युक्रेनमध्ये २०२२ साली याहून गंभीर प्रकार घडला. फाइलींची देवाणघेवाण करणाऱ्या टोरंट साइट्सवर युक्रेनियन भाषेतली विंडोज १० ची फुकट प्रत ठेवलेली होती. मँडियंट या कंपनीच्या तपासात दिसलं, की त्या प्रतीतच हेरगिरीची सोय होती आणि आपोआप येणारे अपडेट बंद केलेले होते. ती प्रत सरकारी कार्यालयांतल्या कॉम्प्युटरवरही पोहोचली होती.

अपडेट बंद असण्याची किंमत मे २०१७ मध्ये जगाने मोजली. फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा 'वॉनाक्राय' व्हायरस विंडोजमधल्या ज्या त्रुटीतून शिरला, तिची दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने १४ मार्चलाच दिली होती. ती न बसवलेली मशीनं सुमारे दीडशे देशांत अडकली. आंध्र प्रदेश पोलिसांचे कॉम्प्युटरही त्यांत होते. ती सगळी मशीनं क्रॅकवर चालत होती असं नव्हे. पण क्रॅक टिकावा म्हणून अपडेट बंद ठेवणारा माणूस स्वतःहून त्याच रांगेत उभा राहतो.

पैसे नसतील तरी कायदेशीर वाट आहे. विंडोजऐवजी वापरता येणारी उबुंटू ही प्रणाली फुकट मिळते. सी-डॅक या सरकारी संस्थेने तयार केलेलं 'बॉस लिनक्स'ही फुकट आहे आणि त्यात मराठी, कन्नड दोन्ही चालतात. ज्यांच्या मशीनवर आधीच क्रॅक आहे, त्यांनी फोटो आणि कागदपत्रांची प्रत काढून डिस्क पूर्ण पुसावी, अधिकृत प्रणाली टाकावी आणि बँकेचे, ईमेलचे पासवर्ड दुसऱ्या सुरक्षित यंत्रावरून बदलावेत.