नकाशावरील सही

(ज्ञातीच्या वार्षिक संमेलनात विद्यार्थी-गौरवाच्या प्रसंगी केलेल्या भाषणाचा मजकूर)



आर्किटेक्ट व्हावयाचे म्हणजे नेमके काय करावे लागते, या विषयावर आम्ही चार शब्द बोलावेत अशी चिटणीसांची आज्ञा झाली. आमचे स्वतःचे शिक्षण मॅट्रिक आणि त्यावर अध्यापनाची पदविका, एवढेच. तेव्हा या विषयावर बोलण्याचा आम्हांस अधिकार तो काय, असे कोणी विचारील तर ते रास्तच आहे. परंतु सारी उमर शाळेत गेली आणि निवृत्त झाल्यापासून ज्ञातीतील मुलांचे प्रवेशअर्ज भरून देण्याचे काम अंगावर पडले. त्या निमित्ताने नियमांची जी पत्रके वाचावी लागली, तेवढ्या शिदोरीवर हे धाडस करीत आहोत.

यंदा बक्षिसांच्या अर्जात 'पुढे काय होण्याचा विचार आहे' या रकान्यापुढे चार मुलांनी आर्किटेक्ट असे लिहिले आहे. फार आनंद वाटला. त्यांच्या पालकांना आम्ही विचारले, "हे कसे सुचले?" तिघांचे उत्तर एकच आले: "गुरुजी, मुलाचा हात चांगला आहे, आणि शेवटी आपला धंदाच तो!" या उत्तरात जेवढे खरे आहे तेवढाच घोटाळाही आहे, म्हणून त्यापासूनच आरंभ करतो.

खरे असे की, घर उभे करण्याची विद्या आपल्या सुतारांच्या घरांत पिढ्यान् पिढ्या आहे. 'मानसार' आणि 'मयमत' या जुन्या शिल्पग्रंथांत बांधकाम करणाऱ्यांचे चार प्रकार सांगितले आहेत: स्थपती, सूत्रग्राही, वर्धकी आणि तक्षक. स्थपती हा सर्वांत वरचा, संपूर्ण वास्तूची योजना करणारा. सूत्रग्राही मापे धरणारा. आणि तक्षक म्हणजे लाकूड तासणारा, आपला सुतार. चौघांची कामे निरनिराळी असली तरी ती एकाच कुळातील कामे मानली आहेत. आमच्या लहानपणी गावातील जाणता मिस्त्री कागदाला हात न लावता, जमिनीवर खडूने रेघा मारून आढे, वासे आणि तुळया यांचा हिशेब सांगत असे, आणि तो चुकत नसे.

घोटाळा असा की, आज 'आर्किटेक्ट' हे धंद्याचे किंवा हुन्नराचे नाव राहिलेले नाही. ते कायद्याने दिलेले नाव आहे. 1972 साली संसदेने आर्किटेक्ट्स ॲक्ट केला आणि त्या अन्वये दिल्लीस कौन्सिल ऑफ आर्किटेक्चर ही परिषद स्थापन झाली. परिषदेच्या नोंदवहीत ज्याचे नाव आहे, त्यालाच स्वतःस आर्किटेक्ट म्हणवून घेता येते. इतर कोणी पाटीवर तो शब्द लिहिला तर तो गुन्हा होतो. त्या पूर्वी अशी आडकाठी नव्हती. कायदा झाला तेव्हा, पदवी नसली तरी जे पाच वर्षे किंवा अधिक काळ आर्किटेक्टचा व्यवसाय करीत होते, अशा नागरिकांसाठी एक दार उघडे ठेवले होते. पुरावा देऊन त्यांना नोंदणी मिळत असे. ते दार पुढे बंद झाले. आपल्या ज्ञातीतील एक वडीलधारे कारागीर, ज्यांनी तालुक्यात वाड्यांपासून शाळांपर्यंत कितीतरी इमारती उठविल्या, त्यांना या दाराची वार्ताच नव्हती. कोणी सांगितली नाही आणि वाचणारे घरात कोणी नव्हते. पुढे सारा जन्म त्यांनी आखलेल्या नकाशांवर दुसऱ्याची सही पडली.

येथे आणखी एक गल्लत होते. लोक 'लायसेन्स' आणि 'नोंदणी' हे शब्द एकाच अर्थाने वापरतात. आर्किटेक्टची नोंदणी परिषद करते आणि ती सबंध देशात चालते. त्याच्या शिक्क्यावर 'सीए', त्यापुढे नोंदणीचे वर्ष आणि त्यापुढे क्रमांक असतो. पुढच्या वेळी कोणताही मंजूर नकाशा हाती आला तर कोपऱ्यात अवश्य पाहावे. लायसेन्स ही निराळी वस्तू. मुंबईत लायसेन्स्ड सर्व्हेअर असतात, इतर नगरपालिका-महानगरपालिकांतून अभियंते व पर्यवेक्षक यांना परवाने मिळतात. त्यांच्या सहीने ठराविक मर्यादेतील बांधकामाचे नकाशे दाखल करता येतात. हे काम मानाचे आहे आणि अनेक कुटुंबांची चूल त्यावर पेटते. परंतु परवानाधारक पर्यवेक्षक म्हणजे आर्किटेक्ट नव्हे. (दारावर 'वास्तुतज्ज्ञ' अशी पाटी लावून स्वयंपाकघराची दिशा बदलावयास सांगणारे गृहस्थ तर या दोहोंत कोठेच बसत नाहीत.)

2020 साली सर्वोच्च न्यायालयापुढे हा प्रश्न आला होता. न्यायालयाने असे सांगितले की, कायद्याने राखून ठेवला आहे तो 'आर्किटेक्ट' हा किताब. इमारतीची रचना करण्याचे काम इतरांनी करूच नये असे हा कायदा म्हणत नाही. मात्र नोंदणी नसलेल्या माणसाला नोकरीतदेखील त्या नावाचे पद देता येणार नाही. आपल्या कंत्राटदार बंधूंनी यातील दोन्ही बाजू ध्यानी घ्याव्यात. तुमचे काम कोणी काढून घेतलेले नाही. पण ते नाव हवे असेल तर ते मिळविण्याचा मार्ग एकच आहे, आणि तो लांबचा आहे.

तो मार्ग असा. बारावीला गणित आणि भौतिकशास्त्र हवे. गणित सोडून दिलेल्या मुलाने कितीही सुंदर चित्रे काढली तरी येथे उपयोग नाही, हे दहावीच्या निकालानंतर विषय निवडतानाच समजले पाहिजे. गणितासह तीन वर्षांची पदविका घेतलेल्यांनाही वाट आहे. बाकीच्या विषयांचे आणि गुणांचे नियम मधून मधून बदलत आले आहेत, म्हणून शेजाऱ्याच्या मुलाने तीन वर्षांपूर्वी काय केले हे न पाहता त्या वर्षीचे पत्रक पाहावे. त्यानंतर 'नाटा' नावाची परीक्षा. ही 2006 पासून परिषद घेते. तीत रेखाटन, आकारांची जाण आणि तर्क यांची कसोटी असते. तिच्याऐवजी जे. ई. ई. परीक्षेचा आर्किटेक्चरसाठी असलेला दुसरा पेपरही चालतो. अनेक आई-बाप एलिमेंटरी व इंटरमिजिएट चित्रकला परीक्षांची प्रमाणपत्रे मोठ्या अभिमानाने आमच्यापुढे ठेवतात. त्या परीक्षांनी हात वळतो, दहावीला चार गुण वाढतात. परंतु येथील प्रवेश त्यांच्यावर होत नाही.

मग पाच वर्षांचा बी. आर्क. अभ्यासक्रम. यातले किमान एक सत्र नोंदणीकृत आर्किटेक्टच्या हाताखाली प्रत्यक्ष कामात जाते. डॉक्टरकीपेक्षा हे सोपे, अशी जी समजूत आहे ती पहिल्या सहा महिन्यांत मोडते. मुलगा रात्र रात्र जागून कागदाचे व लाकडाचे नमुने चिकटवितो, सकाळी परीक्षक येऊन पाच मिनिटांत म्हणतात, "हा जिना कोठे जातो?" आणि सारे पुन्हा मांडावे लागते. घरच्यांना हे रिकामपणाचे खेळ वाटतात. एका आजींनी तर नातवाने केलेला नमुना भातुकलीत ठेवून दिला होता! या खेळांचा खर्चही आहे. फीशिवाय कागद, साहित्य, संगणक, अभ्याससहली हे सर्व हिशेबात धरून मगच पाऊल टाकावे. आपल्या मुलांना एक लाभ मात्र खास आहे. ज्याने लहानपणी रंधा आणि पटाशी धरली, गुण्या लावून कोन पाहिला, ओळंबा सोडून चौकट उभी केली, त्याला बांधकामशास्त्राचा तास परका वाटत नाही. शहरातील मुले ज्या सांध्याचे चित्र पाठ करतात तो सांधा त्याच्या बापाने काल केलेला असतो.

पदवीनंतर आपल्या देशात निराळी परवाना-परीक्षा नाही. मान्यताप्राप्त पदवी दाखवून, फी भरून परिषदेकडे नाव नोंदवावे लागते आणि ती नोंदणी चालू ठेवावी लागते. इंग्लंडात 'आर्किटेक्ट' हा शब्द 1938 च्या कायद्यापासून राखीव आहे आणि पदव्यांनंतरही व्यवसायाची परीक्षा द्यावी लागते. अमेरिकेत प्रत्येक राज्य आपला परवाना देते, त्यासाठी अनुभवाचे तास भरून अनेक पेपर द्यावे लागतात. ज्यांची मुले तिकडे जाऊ पाहतात त्यांनी येथील नोंदणी तेथे जशीच्या तशी चालेल असे धरून चालू नये.

'मान्यताप्राप्त' हा शब्द आम्ही मुद्दाम उच्चारला. ज्ञातीतील एका मुलीला तिच्या भावाने मोठ्या हौसेने एका संस्थेत घातले. माहितीपत्रकावर आर्किटेक्चर हा शब्द ठळक होता, अभ्यासक्रम दोन वर्षांचा होता, आणि घरी सांगण्यात आले की झाल्यावर पाटी लावता येईल. दोन वर्षांनी प्रमाणपत्र मिळाले. नोंदणीचा अर्ज आमच्याकडे भरावयास आणला तेव्हा आम्ही ते प्रमाणपत्र तीनदा वाचले. ती पदवी नव्हती आणि त्या संस्थेचे नाव परिषदेच्या यादीत नव्हते. ती मुलगी हुशार; आज एका कार्यालयात उत्तम आराखडे काढते, पण सही दुसऱ्याची. परिषद मान्यताप्राप्त महाविद्यालयांची यादी प्रसिद्ध करते. पैसे भरण्यापूर्वी ती पाहण्यास पाच मिनिटे लागतात.

मुलींचा विषय निघालाच आहे म्हणून सांगतो. मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेतून पेरीन मिस्त्री या बाई 1936 साली आर्किटेक्ट होऊन बाहेर पडल्या. तेव्हा "मुलीने उन्हात बांधकामावर कसे उभे राहावे" हा प्रश्न आजही आमच्यापुढे ठेवणाऱ्या मातापित्यांनी थोडी वर्षे मोजून पाहावीत. याच जे. जे. मधून अच्युत कानविंदे शिकले. ते कोकणातील आचऱ्याचे. पुढे अमेरिकेत हार्वर्डला गेले आणि कानपूरच्या आय. आय. टी. चा परिसर त्यांनी रचला. पुण्यात 1927 साली जन्मलेले बाळकृष्ण दोशी हे तर फर्निचर करणाऱ्या कुटुंबातले. जे. जे. तले शिक्षण अर्ध्यावर टाकून ते परदेशी गेले, पॅरिसला ल कॉर्बुझिए यांच्या हाताखाली काम केले, आणि 2018 साली या क्षेत्रातील सर्वोच्च समजले जाणारे प्रिट्झकर पारितोषिक मिळविणारे पहिले भारतीय ठरले. त्यांचे उदाहरण ऐकून कोणी चिरंजीव कॉलेज सोडण्याचा विचार करतील, म्हणून आठवण देतो की तो काळ 1972 च्या कायद्यापूर्वीचा होता.

आता जे बोलावयाचे आहे ते थोडे अप्रिय आहे. पण ज्ञातीच्या घरात बसून बोलायचे नाही तर कोठे बोलायचे?

आपल्यात कंत्राटदार पुष्कळ आहेत. नकाशा आपण काढवून घ्यावा, बांधकाम आपण करावे, आणि शिक्क्यापुरती रक्कम देऊन कोणा आर्किटेक्टची सही घ्यावी, असा व्यवहार ठिकठिकाणी चालतो हे येथे बसलेल्यांस ठाऊक आहे. आपला पोरगा आर्किटेक्ट झाला की सर्वांत आधी काय घडते? चुलते नकाशा घेऊन येतात. "घरचीच सही आहे, आता बाहेर पैसे कशाला?" मागील वर्षी एका तरुणाने, नाव सांगत नाही, काकांच्या चार मजल्यांच्या नकाशावर सही करण्यास नकार दिला. कारण जागा त्याने पाहिली नव्हती आणि मधला एक खांब कागदावर होता तेथे प्रत्यक्षात नव्हता. घरात सहा महिने अबोला होता. आजी मध्ये पडल्या, गणपतीत बोलणे सुरू झाले. पण "शिकवला कोणी आणि मिजास कोणापुढे" हे वाक्य अजून त्या घरात फिरते आहे.

आमचे मत त्या मुलाच्या बाजूचे आहे, आणि ते आम्ही त्याच्या काकांच्या तोंडावर सांगितले आहे. आर्किटेक्टच्या वर्तनाविषयी 1989 पासून नियम आहेत. गैरवर्तनाची तक्रार झाली तर परिषद चौकशी करते आणि नोंदवहीतून नाव काढूही शकते. पाच वर्षांचे शिक्षण, बापाचे कर्ज, आईचे दागिने, हे सर्व त्या एका क्रमांकात असते. पण त्याहून मोठी गोष्ट अशी की, त्या खोट्या खांबाच्या वर चार मजल्यांवर माणसे निजणार होती. जुना मिस्त्री आपल्या हातचे आढे कुजके असेल तर मालक कितीही म्हणाला तरी वर चढवीत नसे. त्या पोराने त्याहून निराळे काय केले? घराने त्याला शिकविले हे खरे. त्याबद्दल त्याने घराचे काम जागेवर उभे राहून, मापे घेऊन, चूक दाखवून करावे. वाटल्यास काकांकडून एक पै घेऊ नये. परंतु न पाहिलेल्या कामावरील सही त्याच्याकडे मागू नये. दुसऱ्याच्या सहीखाली दबलेल्या त्या वृद्ध कारागिरांची गोष्ट मघाशी सांगितली. आपली सही मिळाल्यावर तीच आपण उसनी वाटू लागलो, तर त्यांच्या वेळी काय बिघडले होते?

कार्यकारिणीने शिष्यवृत्तीत यंदापासून बी. आर्क. च्या दोन विद्यार्थ्यांना साहित्याचा खर्च देण्याचे मान्य केले आहे, त्याबद्दल आम्ही आभारी आहोत. आमची एक सूचना आहे, तीही विचारात घ्यावी. नोंदणी झालेल्या आपल्या मुलामुलींनी महिन्यातून एक दिवस ज्ञातीच्या सभागृहात बसावे, आणि कंत्राटदार बंधूंनी आपापले नकाशे तेथे सल्ल्यासाठी आणावेत. सल्ल्यासाठी, सहीसाठी नव्हे. ज्या चार मुलांनी रकान्यात आर्किटेक्ट लिहिले आहे त्यांनी येत्या रविवारी सकाळी नऊ वाजता पालकांसह आम्हांस सभागृहात भेटावे. दहावीची गुणपत्रिका आणि अकरावीला घेतलेल्या विषयांचा कागद बरोबर आणावा. चित्रांची वही आणली तरी चालेल. ती आम्ही शेवटी पाहू.