लोकांचा विद्यार्थी : अन्स्की



'जनतेत जा' हा आदेश समाजवादी चळवळीला नवा नाही. परंतु जनतेत जाऊन शिकवावयाचे की शिकावयाचे, याविषयी आपल्यात फारसा विचार झालेला नाही. ज्याच्या आयुष्याने या प्रश्नाचा दोन्ही अंगांनी शोध घेतला, त्या अन्स्की या लेखकाचे चरित्र म्हणूनच कार्यकर्त्यांनी अभ्यासण्याजोगे आहे.

श्लोयमे झानव्हल रापोपोर्ट हे त्याचे मूळ नाव. झारशाहीतील व्हितेब्स्क प्रांतात १८६३ साली एका गरीब ज्यू कुटुंबात तो जन्मला. यिडिश ही त्याची मातृभाषा. रशियन तो मोठेपणी स्वप्रयत्नाने शिकला. तारुण्यात त्याने धर्मश्रद्धा सोडली, नरोदनिकांचा मार्ग स्वीकारला आणि दोनेत्स खोऱ्यातील खाणींत कष्टकऱ्यांसमवेत राहून तो त्यांना पुस्तके वाचून दाखवू लागला. काळ मोठा विपरीत होता. १८८१ साली ज्यूंविरुद्ध दंगली उसळल्या, तेव्हा काही नरोदनिकांनी त्यांत जनतेच्या जागृतीची चिन्हे पाहिली होती! तरीही हा ज्यू तरुण रशियन श्रमिकांना परका मानावयास तयार झाला नाही. श्रमिक काय वाचतात आणि त्यांना काय भावते, याची त्याने बारकाईने नोंद केली. त्याचे लेखन रशियन भाषेत होऊ लागले. पुढे पॅरिसमध्ये ज्येष्ठ क्रांतिकारक विचारवंत लावरोव यांचा चिटणीस म्हणून त्याने १९०० साली त्यांचे निधन होईपर्यंत काम केले.

रशियन जनतेसाठी झिजणाऱ्या या माणसाला स्वतःच्या समाजाचे काय, हा प्रश्न टाळता आला नाही. १९०१ च्या सुमारास पेरेट्झ यांचे यिडिश साहित्य त्याच्या वाचनात आले. ज्या भाषेला सुशिक्षित ज्यूसुद्धा अशुद्ध बोली म्हणून हिणवीत, तिच्यात आधुनिक मनाचे सर्व व्यापार व्यक्त होऊ शकतात, हे त्याला उमगले. १९०२ साली त्याने यिडिशमध्ये लिहिलेले 'शपथ' हे गीत ज्यू कामगारांच्या 'बुंद' या संघटनेचे अधिकृत गीत झाले. अन्स्की स्वतः मात्र सोशालिस्ट रिव्होल्यूशनरी पक्षाचा होता.

१९१२ ते १९१४ या काळात त्याने व्होलिनिया आणि पोदोलिया या भागांतील सुमारे सत्तर गावांत शोधमोहीम नेली. सोबत छायाचित्रकार, संगीतज्ञ आणि फोनोग्राफ होता. गाणी, कथा, समजुती, विधी यांचा संग्रह झाला. मनुष्याच्या जन्मापासून मृत्यूपर्यंतच्या चालीरीतींवर २,०८७ प्रश्नांची प्रश्नावली सिद्ध झाली. या कार्याचा खर्च एका धनाढ्य बॅरन घराण्याच्या मदतीने भागला, ही विसंगती लपविण्याचे कारण नाही.

ज्या श्रद्धा आपण टाकून दिल्या त्या गोळा कशासाठी करावयाच्या, असा आक्षेप पुरोगामी मंडळी घेतील. अन्स्कीच्या दृष्टीने लोकपरंपरा ही जनतेने पिढ्यान्‌पिढ्या घडविलेली मौखिक संहिताच होती. श्रद्धा न बाळगताही श्रद्धावंताचे दुःख जाणता येते. किंबहुना ते जाणल्याशिवाय परिवर्तनाची भाषा लोकांच्या कानांपर्यंत पोचतच नाही. याच सामग्रीतून 'दिब्बुक' हे नाटक उभे राहिले. दोन मित्रांनी परस्परांना दिलेले वचन एक बाप धनलोभाने मोडतो, आणि मृत प्रियकराचा आत्मा त्याच्या मुलीत संचारतो. भुताच्या या कथेत गरिबाने श्रीमंतावर लावलेला दावाच ऐकू येतो.

महायुद्धाने मोहीम थांबविली. युद्धकाळात, झारच्या सैन्याने उद्ध्वस्त केलेल्या गॅलिशियातील ज्यूंना मदत पोचवीत तो हिंडला आणि जे पाहिले त्याची साक्ष त्याने लिहून ठेवली. १९१७ साली तो संविधान सभेवर निवडून आला. ती सभा जानेवारी १९१८ मध्ये एकाच बैठकीनंतर बरखास्त करण्यात आली, आणि त्यालाही रशिया सोडावा लागला. ८ नोव्हेंबर १९२० रोजी त्याचे निधन झाले. 'दिब्बुक'चा पहिला यिडिश प्रयोग वॉर्सा येथे झाला तो त्यानंतर महिन्याभराने. तो त्याला पाहावयास मिळाला नाही.

पुढे नाझींनी त्या गावांतील ज्यू समाजच नष्ट केला. परंतु त्या मोहिमेत मेणाच्या नळ्यांवर मुद्रित झालेले आवाज कीव्ह येथील राष्ट्रीय ग्रंथालयात टिकून राहिले, आणि ज्यू लोकसंगीताच्या त्या संग्रहाला २००५ साली युनेस्कोच्या जागतिक स्मृतिसूचीत स्थान मिळाले.

आपले कार्यकर्ते वस्तीत जातात ते पत्रके घेऊन. ती न्यावीतच. परंतु परतताना लोकांचे काही ऐकून, टिपून आणले की नाही, हेही शाखेच्या बैठकीत विचारले जावे. पोटाच्या प्रश्नावर संघटना बांधताना लोकांची स्मृती दुय्यम मानली, तर ती स्मृती जातीयवाद्यांच्या हाती जाते. अन्स्कीने ती श्रमिकांच्या बाजूने जतन केली.