पात्रनिवड कानानं ऐकावी

धामणगाव रेल्वेच्या फलाटावर गाडी उशिरा असली की माणसं निवांत ऐकायला मिळतात. यवतमाळहून गाडी धरायला आलेलं कुटुंब, कापूस विकून परतणारा शेतकरी, पुलगावला निघालेले पोट्टे. डोळे मिटून घेतले तरी कोण कुठला, ते बोलण्यावरून बरंचसं उमगतं. सिनेमासाठी माणसं शोधणाऱ्याचा धंदा याच कानावर चालतो. पडद्यावर त्याला कास्टिंग डायरेक्टर म्हणतात.

ही पाटी वाचायला थांबणारे प्रेक्षक कमीच. 'गांधी'साठी भारतातले कलाकार डॉली ठाकोर यांनी गोळा केले, 'बँडिट क्वीन'ची माणसं तिग्मांशू धुलिया यांनी शोधली, हे किती जणांना आठवतं? ऑस्करमध्येसुद्धा या कामासाठी वेगळं पारितोषिक यायला २०२६ साल उजाडावं लागलं.

आपल्या विदर्भाचं उदाहरण 'झुंड'. मार्च २०२२ मध्ये आलेला हा सिनेमा नागपूरचे विजय बारसे आणि त्यांनी फुटबॉलकडे वळवलेली झोपडपट्टीतली मुलं यांच्यावर बेतलेला आहे. दिग्दर्शक नागराज मंजुळे, आणि पात्रनिवड त्यांचे भाऊ भूषण मंजुळे यांची. अंकुश गेडाम हा नागपूरचा पोरगा गणपती विसर्जनाच्या मिरवणुकीत नाचताना त्यांच्या नजरेस पडला. पुढे 'झुंड'मधल्या भूमिकेसाठी त्याला पदार्पणाचं फिल्मफेअर मिळालं.

मंजुळ्यांच्या सिनेमांची ही जुनी रीत आहे. 'फँड्री'चा सोमनाथ अवघडे हलगी वाजवणारा, 'सैराट'चा आकाश ठोसर कुस्तीच्या आखाड्यातला, आणि रिंकू राजगुरू अकलूजची शाळकरी मुलगी.

'झुंड' एकदा पडद्याकडे पाठ करून ऐकावा. समोर अमिताभ बच्चन आहेत. त्या आवाजाची सवय आपल्या तीन पिढ्यांना आहे. त्याच्यापुढं नवशिका नट हमखास दबतो, आवाज चढवतो किंवा शब्द घोटून घोटून बोलतो. ही पोरं तसं करत नाहीत. बच्चन यांचं पात्र त्यांना घरी बसवून आपापली गोष्ट सांगायला लावतं, तो प्रसंग लावावा. एकजण मध्येच अडखळतो, दुसरा हसतो, तिसरा वाक्य अर्धंच सोडतो. नागपुरी हिंदीतला 'बे' कुठं प्रेमाचा, कुठं रागाचा, ते कुणी शिकवलेलं वाटत नाही. तो त्यांच्या तोंडात आधीपासूनच होता. निवडणाऱ्यानं तो ओळखला, आणि हातही लावला नाही.

उलट प्रकारही आपण नेहमी ऐकतो. पुण्या-मुंबईकडचा नट, सगळं वाक्य तिकडच्या वळणाचं, आणि शेवटी वरून पेरलेलं एक 'काऊन' किंवा 'रायलो'. त्यावर नाट्यगृह हसतं. वऱ्हाडी माणूस असं बोलत नाही. त्याचा हेल वाक्याच्या पहिल्या शब्दापासून लागतो, आणि त्या बोलीत माणसं रडतात, भांडतात, कर्जाचा हिशेबही करतात. बोली विनोदापुरती ठेवली की पहिली चूक निवडीतच झालेली असते. नट बिचारा नंतर कितीही मेहनत करो.

आपल्या शेजारच्या वर्धा जिल्ह्यातले वीरा साथीदार यांची इथं आठवण येते. चळवळीतला कार्यकर्ता, 'विद्रोही' मासिकाचा संपादक. चैतन्य ताम्हाणे यांच्या 'कोर्ट'मध्ये त्यांनी लोकशाहीर नारायण कांबळे उभा केला. त्या सिनेमाला राष्ट्रीय पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळाला. मंचावर गाणाऱ्या कांबळेचा आवाज ऐकताना, सभांमधून बोलत आलेला माणूस आणि सभेचा अभिनय करणारा माणूस यांतलं अंतर कानाला लगेच कळतं. एप्रिल २०२१ मध्ये कोविडनं साथीदार गेले.

आता 'झुंड'चा शेवट. अंकुश विमानतळावर सुरक्षा तपासणीत अडकतो. तिथं तो फारसा बोलत नाही. आधीचे दोन-अडीच तास त्याचा आवाज नीट ऐकला असेल, तर इथं तो गप्प झालेला आपल्याला ऐकू येतो. पुढच्या वेळी एवढा प्रसंग तरी फोन बाजूला ठेवून ऐका.