एकान्त, एकाकीपण आणि सायंकाळचा भोंगा

(जालना येथील कुटुंब मेळाव्यात केलेल्या भाषणाचा संपादित अंश)



आपल्या जिल्ह्याला एकान्ताचे मोल नव्याने सांगण्याची गरज नाही. घनसावंगी तालुक्यातील जांब हे समर्थ रामदासांचे जन्मगाव. नाशिकजवळच्या टाकळीत त्यांनी बारा वर्षे तपश्चर्या केली, असे परंपरा सांगते. त्या एकान्तातून ते बाहेर पडले, ते माणसे जोडण्यासाठी. असा एकान्त मनुष्य स्वतः स्वीकारतो. एकाकीपण मात्र न मागता वाट्याला येते आणि आतून पोखरत जाते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आयोगाने जून २०२५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार जगात दर सहा व्यक्तींमागे एक व्यक्ती एकाकी आहे. ब्रिटनने तर २०१८ मध्येच या प्रश्नासाठी मंत्री नेमला. हे पाश्चात्त्यांचे दुखणे आहे, असे म्हणून आपल्याला हात झटकता येणार नाहीत. पुण्याला शिकणाऱ्या मुलाचा चेहरा आईला रोज दिसतो, हे वरदानच आहे. परंतु सुटीत तोच मुलगा घरी येतो, आईच्या शेजारी बसतो आणि मान वर करीत नाही, तेव्हा काय म्हणावे? अंतर मिटले; पण सहवास कुठे आहे?

सांगली जिल्ह्यातील मोहित्यांचे वडगाव या गावाने २०२२ मध्ये यावर उपाय योजला. टाळेबंदीनंतर मुलांचे वाचन-लेखनातील मन उडाले होते. गावाने ठरविले, की सायंकाळी सात वाजता मंदिरावरचा भोंगा वाजताच दूरदर्शन संच आणि भ्रमणध्वनी बंद करायचे, ते साडेआठपर्यंत. प्रारंभी काहींनी थट्टा केली. आशा कार्यकर्त्या, अंगणवाडी सेविका आणि निवृत्त शिक्षक घरोघरी गेले, समजूत घातली आणि गाव तयार झाले.

या प्रयोगाचे मर्म बंदीत नाही, ते एका वेळी सर्वांनी थांबण्यात आहे. एकट्या घराने फोन बंद केला, तर मुलाला ती शिक्षा वाटते आणि ते शेजारच्या घरी जाऊन बसते. सगळी गल्ली थांबली, तर मुले अंगणात येतात आणि मोठी माणसे ओट्यावर. एकाकीपण सर्वांनी मिळून निर्माण केले आहे. ते दूरही सर्वांनी मिळूनच करावे लागेल.

म्हणून माझी एकच विनंती आहे. आपल्या गल्लीतील दहा घरांनी एकत्र बसून रोजचा एक तास ठरवावा. त्या तासात आजीच्या शेजारी कोणी तरी रिकाम्या हाताने बसावे.