खंजेरीचा ठेका

गावात भजन बसतं तेव्हा सगळ्यांचे डोळे गाणाऱ्याकडे लागलेले असतात. ठेका धरणारा एका बाजूला बसतो. त्याचा हात बरोबर पडत असेल तोवर त्याच्याकडे कुणी पाहत नाही. हात चुकला, की मात्र साऱ्या मंडळीच्या माना तिकडे वळतात! ठेकेवाल्याचं नशीबच असं, आणि ते सगळ्या जगात सारखंच आहे.

१९७४ साली अमेरिकेतल्या न्यूयॉर्क शहरात चार तरुणांनी ‘रामोन्स’ नावाचा एक संच काढला. त्यांच्या संगीताला पुढं ‘पंक रॉक’ असं नाव पडलं. मोजके सूर, जलद ठेका, दोन-अडीच मिनिटांचं गाणं आणि मनात असेल ते उघड बोलणं, असा सगळा रोखठोक मामला. त्यांच्यात आधी ढोल वाजवणारा पुढं गाऊ लागला. त्याच्या जागी मनासारखा वादक मिळेना. तेव्हा संचाची व्यवस्था पाहणारा टॉमी स्वतःच काठ्या घेऊन बसला. तो काही शिकलेला ढोलवादक नव्हता. पण साधा आणि पक्का ठेका त्याने १९७८ पर्यंत धरला, आणि तोच ठेका पुढं अनेकांनी उचलला. मोठी तालीम नाही, महागडं वाद्य नाही, म्हणून गप्प बसायचं नाही, हे त्या पोरांचं म्हणणं होतं.

आपल्या विदर्भाला हे म्हणणं नवं वाटू नये. त्या पोरांच्या कितीतरी आधी आपल्याकडे एका माणसाने हाती फक्त एक खंजेरी घेतली आणि गावंच्या गावं जागी केली. ठेका धरणारा कोपऱ्यातून उठून मधोमध येऊन बसला. तो माणूस म्हणजे राष्ट्रसंत तुकडोजी महाराज.

अमरावती जिल्ह्यातल्या यावली गावी ३० एप्रिल १९०९ रोजी त्यांचा जन्म झाला. मूळ नाव माणिक. घरची गरिबी, त्यामुळे शाळा थोडकीच झाली. भजनाचं वेड मात्र मोठं. वरखेडच्या आडकोजी महाराजांना त्यांनी गुरू मानलं, आणि ‘तुकड्या’ हे नाव त्या गुरूनेच दिलं. पुढं हा मुलगा रामटेकच्या, सालबर्डीच्या, गोंदोड्याच्या रानांतून हिंडला. परत आला तेव्हा त्याच्यापाशी ना पोथ्यांचं गाठोडं होतं, ना साथीदारांचा ताफा. गळा होता आणि खंजेरी होती.

आता या वाद्याकडे नीट पाहा. लाकडाचं एक कडं, एका अंगाने ताणून बसवलेलं चामडं, आणि कड्याच्या खाचांत धातूच्या छोट्या झांजा. एका हाताने धरायची, दुसऱ्या हाताच्या बोटांनी आणि पंजाने वाजवायची. चामड्यावर थाप पडते तेव्हाच झांजाही बोलतात, म्हणजे एकाच हाती ठेका आणि झणकार दोन्ही. पावसाळ्यात चामडं सैल पडलं, तर जरा शेकून घ्यायचं. पखवाजाला बैठक लागते, पेटीला वाहून नेणारा लागतो, बासरी वाजवणाऱ्याला त्याच वेळी गाता येत नाही. खंजेरी पिशवीत मावते आणि वाजवणाऱ्याचं तोंड मोकळं ठेवते! ज्याला पायी हिंडून लोकांशी बोलायचं आहे, त्याला याहून सोयीचं वाद्य कोणतं मिळणार?

आणि महाराज बोलत होतेच. मराठीत आणि हिंदीत त्यांनी शेकड्यांनी भजनं रचली. त्यांत देव होता, तसा गावचा उकिरडाही होता. अस्पृश्यता, दारू, भांडणं, लग्नातली उधळपट्टी, सगळं त्या ठेक्यावर येत असे. व्याख्यानाला जो माणूस येत नाही तो भजनाला येतो, हे त्यांनी ओळखलं होतं. १९३५ च्या सुमारास मोझरीला त्यांनी गुरुकुंज आश्रम उभा केला.

त्यांची आणि वर्ध्याची गाठ पडली ती १९३६ साली. त्याच वर्षी गांधीजी वर्ध्याजवळच्या शेगावात राहायला आले होते. हेच शेगाव पुढं सेवाग्राम झालं. तिथे तुकडोजी महाराज सुमारे महिनाभर राहिले. गांधीजींच्या चरख्याचा नाद आणि महाराजांच्या खंजेरीचा नाद, दोन्ही खेड्यासाठीच होते.

पण खरी कसोटी १९४२ साली लागली. ऑगस्टात ‘चले जाव’चा ठराव झाला, पुढारी पकडले गेले. महाराजांची भजनं त्या दिवसांत चिमूर-आष्टीच्या बाजूला घरोघर पोचली होती. १६ ऑगस्टला चिमूर पेटलं आणि आपल्या वर्धा जिल्ह्यातलं आष्टीही पेटलं. लोक पोलीस ठाण्यावर चालून गेले. गोळीबारात गावकरी पडले, आणि जमावाच्या संतापात पोलीसही मारले गेले. महिन्याच्या अखेरीस महाराजांना अटक झाली. नागपूरच्या आणि रायपूरच्या तुरुंगात ठेवून त्यांना डिसेंबरात सोडलं. चिमूरच्या स्त्रियांवर झालेल्या अत्याचारांची चौकशी व्हावी म्हणून सेवाग्रामच्या प्रा. भन्साळींनी ६३ दिवसांचं उपोषण केलं, तेही याच काळातलं.

इथे एक प्रश्न टाळता येत नाही. माणसं ठेक्यावर एक होतात हे खरं. पण एक झालेली माणसं कुठे जातील, हे ठेका धरणाऱ्याच्या हाती असतं का? आष्टीचे हुतात्मे आपल्याला वंदनीय आहेत. तरीही मेलेल्या शिपायाच्या घरी त्या रात्री चूल पेटली नसेल, हेही विसरू नये. मला वाटतं, ठेक्याला शब्दांची जोड लागते आणि शब्दांना रोजच्या कामाची. ती नसेल तर नुसता आवेश उरतो.

महाराजांचं पुढलं आयुष्य मला या प्रश्नाचं उत्तर वाटतं. त्यांनी ग्रामगीता लिहिली, ४१ अध्यायांची. गाव कसं झाडावं, शेती कशी सुधारावी, मुलं कशी शिकवावीत, याचा तो ग्रंथ आहे. १९५५ साली जपानमध्ये विश्वधर्म आणि विश्वशांती परिषद भरली. तिथेही ते हीच खंजेरी घेऊन गेले. १९६२ च्या आणि १९६५ च्या युद्धांत सैनिकांना धीर द्यायला सीमेवर गेले. ११ ऑक्टोबर १९६८ रोजी मोझरीला त्यांनी देह ठेवला.

२००५ साली नागपूर विद्यापीठाला त्यांचं नाव मिळालं. ज्याची शाळा प्राथमिक वर्गांतच सुटली, त्याचं नाव आज आमच्या विद्यार्थ्यांच्या पदवीपत्रावर छापलेलं असतं. ते पाहिलं की मी, एक पदवीधर शिक्षक, मनातल्या मनात थोडा ओशाळतो.

खंजेरी अजून थांबलेली नाही. अकोला जिल्ह्यातले सत्यपाल महाराज एका वेळी सात खंजेऱ्या वाजवून व्यसनांविरुद्ध आणि अंधश्रद्धेविरुद्ध बोलत आले आहेत. गावोगाव खंजेरी भजनांच्या स्पर्धा भरतात. त्यात बक्षीस मिळतं, फोटो निघतो, हार पडतो. ते सारं चांगलंच आहे. पण भजन संपल्यावर मंडळी घरी जाताना रस्त्यातला कचरा ओलांडून जात असतील, तर हात बरोबर पडला आणि ठेका मात्र चुकला, असंच म्हणावं लागेल.

म्हणून शिक्षकबंधूंना आणि भगिनींना माझं एवढंच सांगणं आहे. शाळेत एक खंजेरी आणून ठेवा. ती फार महाग नाही, आणि शिकवायला उस्ताद लागत नाही. गावातला एखादा म्हातारा भजनी आनंदाने येईल. जी मुलं वर्गात उत्तर द्यायला उठत नाहीत, त्यांच्या हाती ती आधी द्या. मग त्यांनाच विचारा, आपल्या गावाला काय सांगायचं आहे ते. त्यांना पुष्कळ सांगायचं असतं. आजवर हाती ठेका नव्हता, म्हणून ती गप्प होती.