भोंगा कुणाच्या हातात?



मी रेडिओचा इंजिनियर नाही. जयंतीला वस्तीतल्या लिंबाच्या झाडावर चढून भोंगा बांधणारा पोरगा मी. तेव्हा एकच ठाऊक होतं : ज्याच्या हातात माइक, त्याचंच ऐकलं जातं. पुढं अमेरिकेतल्या काळ्यांचा इतिहास वाचला आणि कळलं, ही गोष्ट या यंत्रांच्या बालपणापासूनची आहे.

१९०६ साली ली डी फॉरेस्टनं एक काचेची नळी बनवली. नाव ऑडिऑन. पाच-सहा वर्षांनी उमगलं, विजेत उतरलेला बारीक आवाज या नळीतून दांडगा होऊन बाहेर पडतो. बस्स! लाऊडस्पीकर, रेडिओ, साऱ्यांचा जीव या नळीत. १९२० साली पिट्सबर्गच्या केडीकेए केंद्रानं निवडणुकीचे निकाल हवेतून घरात पोचवले. १९२५ पासून ग्रामोफोनच्या तबकड्या विजेच्या माइकवर भरू लागल्या. त्याआधी गाणाऱ्याला कर्ण्यात तोंड घालून ओरडावं लागे. आता कुजबुजसुद्धा लाखांच्या कानाशी.

आवाज मोठा करायचं यंत्र आलं. पण कुणाचा आवाज?

१९२८ साली शिकागोच्या रेडिओवर ‘अ‍ॅमॉस अँड अँडी’ सुरू झालं. दोन काळे गडी, भोळसट, मोडकं बोलणारे. देश खदाखदा हसला. आणि बोलणारे कोण? गॉस्डेन आणि कॉरेल, दोघंही गोरे! नाटकात असलं सोंग आणायला गोरे तोंडाला काळं फासत. रेडिओवर तेवढंही लागेना. १९३१ साली ‘पिट्सबर्ग कुरियर’ या काळ्यांच्या पत्रानं सह्यांची मोहीम काढली. कार्यक्रम चालूच राहिला.

नळीला कातडीचा रंग कळत नव्हता. मालकाला कळत होता.

१९४९ साली अटलांटात जेसी ब्लेटन या काळ्या हिशेबतपासनिसानं डब्ल्यूईआरडी केंद्र विकत घेतलं. काळ्याच्या मालकीचं अमेरिकेतलं पहिलं रेडिओ केंद्र! पुढं त्याच इमारतीत मार्टिन ल्यूथर किंगच्या संघटनेची कचेरी आली. किंगचा आवाज या केंद्रावरून घराघरांत गेला. यंत्र तेच. मालक बदलला.

१९७२ साली मुंबईत आपल्या पोरांनी पँथर हे नाव अमेरिकेतल्या काळ्यांकडून घेतलं. दोस्तांनो, त्यांच्याकडून हा धडाही घ्या. आज भोंगा तुमच्या खिशात आहे, मोबाइल म्हणतात त्याला. बोला, खुशाल बोला. पण त्याचं बटण कुणाच्या हातात, हे विचारल्याशिवाय गप्प बसू नका. उसनं व्यासपीठ मालक केव्हाही काढून घेतो.

जय भीम!